'इरा' या नावाचा अर्थ, उगम आणि त्याबद्दलच्या काही शंका

प्रश्न : आमच्या घरी नुकतीच नात आली. सूनबाईंनी तिच्यासाठी 'इरा' हे नाव निवडले आहे. नाव सर्वांना आवडले, पण बारशाच्या याद्या चालू असतानाच एका नातलगांनी संस्कृत कोश उघडून 'इरा म्हणजे दारू' असा अर्थ दाखवला आणि घरात एकदम शांतता पसरली. मोबाइलवर शोधले तर कुठे सरस्वती, कुठे पृथ्वी, कुठे 'जागरूक', तर कुठे 'शांती' असे अर्थ दिसतात. हे नाव मुळात आपले आहे की परदेशी? त्याचा खरा अर्थ कोणता? आणि मुलीला हे नाव ठेवण्यात काही गैर आहे का?
— एक आजी, सांगली

उत्तर : आपल्या नातलगांनी दाखवलेला अर्थ खोटा नाही, पण तो शब्दाच्या आयुष्यातला उशिराचा आणि एका बाजूचा अर्थ आहे. 'इरा' हा शब्द अस्सल वैदिक असून त्याचा सर्वांत जुना अर्थ 'अन्न, पोषण, तृप्त करणारे पेय' असा आहे. नावाचा अर्थ ठरवताना कोशातल्या अर्थांच्या यादीपेक्षा तो शब्द ज्या वाक्यांत प्रथम आला ती वाक्ये पाहणे मला अधिक महत्त्वाचे वाटते, म्हणून आधी तीच आपल्यापुढे ठेवतो.

ऋग्वेदाच्या पाचव्या मंडलातले त्र्याऐंशीवे सूक्त पर्जन्याचे आहे. त्यातली चौथी ऋचा अशी : 'प्र वाता वान्ति पतयन्ति विद्युत उदोषधीर्जिहते पिन्वते स्वः । इरा विश्वस्मै भुवनाय जायते यत्पर्जन्यः पृथिवीं रेतसावति ॥' वारे सुटतात, विजा कोसळतात, वनस्पती जमिनीतून वर उसळतात, आकाश ओथंबून येते. आणि पर्जन्य आपल्या जलाने पृथ्वीला सुफल करतो तेव्हा साऱ्या भुवनासाठी 'इरा' जन्माला येते. मृगाचा पहिला पाऊस पडून गेल्यावर चार-आठ दिवसांत शेताच्या बांधावर जे दिसते, तेच हे वर्णन आहे. इथे इरा म्हणजे नुसते पाणी नाही आणि नुसते धान्यही नाही. पाऊस आणि माती एकत्र आल्यावर जीवमात्राला मिळणारे जे पोषण, त्याला ऋषींनी हा दोन अक्षरी शब्द वापरला आहे. ती 'जायते', म्हणजे जन्म घेते, असे क्रियापदही त्याच ओळीत आहे. मुलीच्या नावासाठी याहून सुंदर आधार क्वचितच सापडेल.

वैदिक अर्थ नीट कळतो तो त्याच्या विरुद्धार्थी शब्दावरून. आठव्या मंडलातल्या सोमसूक्तात 'अप त्या अस्थुरनिरा अमीवाः' असे म्हटले आहे. त्यातले 'अनिरा' म्हणजे इरेचा अभाव, उपासमार आणि त्यातून येणारे ग्लानीचे दुखणे. 'अमीवा' म्हणजे रोग. ही दोन्ही दूर झाली, असे तो कवी समाधानाने सांगतो. जिच्या नसण्याला आजारपणाच्या पंक्तीत बसवले, ती इरा त्या लोकांना किती मोलाची वाटत असेल हे यावरून लक्षात यावे.

तिसरे वाक्य अथर्ववेदातले आहे, आणि आपल्या घरच्या प्रसंगाला ते सर्वांत जवळचे आहे. प्रवासाहून परतणारा माणूस आपल्या घरांना उद्देशून बोलतो असे ते सूक्त आहे. त्यात तो घरांना 'सूनृतावन्तः सुभगा इरावन्तो हसामुदाः' असे म्हणतो. गोड बोलण्याने भरलेली, भाग्यवान, इरेने संपन्न, हास्याने आणि आनंदाने नांदणारी अशी ही घरे आहेत. त्यांत कोणी भुकेले वा तहानलेले राहू नये, आणि घरांनो, तुम्ही आम्हाला भिऊ नका, अशी त्याची विनवणी आहे. पाळण्याच्या दोरीला हात लावताना म्हणावी अशी ही ओळ आहे.

यास्काचार्यांनी ज्या निघंटूवर भाष्य केले, त्या प्राचीन शब्दसंग्रहात अन्नाची नावे एकत्र दिली आहेत. त्या यादीत 'इरा' आणि 'इळा' हे शब्द एकमेकांना लागून येतात. पुराणांनी मग या शब्दाला व्यक्तिरूप दिले. विष्णुपुराणाच्या पहिल्या अंशात कश्यपांच्या पत्नींची आणि त्यांच्या संततीची हकिकत आहे. तिथे 'इरा वृक्षलतावल्लीस्तृणजातीश्च सर्वशः' असे सांगितले आहे. झाडे, लता, वेली आणि गवताच्या सर्व जाती यांची माता ती इरा. दक्षाची ही कन्या कद्रू किंवा विनता यांच्यासारखी कथांतून गाजली नाही. तिच्या वाट्याला सापांचे किंवा गरुडाचे मातृत्व आले नाही. आले ते सगळ्या हिरवळीचे. वेदात पावसाबरोबर जन्मणारी इरा पुराणात गवतापासून वृक्षापर्यंत सर्वांची आई झाली, हा प्रवास किती सरळ आहे हे पाहण्यासारखे आहे.

आता नातलगांच्या आक्षेपाकडे वळतो. अमरसिंहाच्या 'अमरकोश' या जुन्या संस्कृत शब्दकोशात, नानार्थवर्गात म्हणजे अनेक अर्थांच्या शब्दांच्या भागात, 'इरा भूवाक्सुराप्सु स्यात्' असे वचन आहे. म्हणजे इरा हा शब्द भू, वाक्, सुरा आणि अप् या चार अर्थांनी वापरतात : पृथ्वी, वाणी, मद्य आणि पाणी. आपल्याला मोबाइलवर 'सरस्वती' आणि 'पृथ्वी' हे अर्थ दिसले ते याच ओळीतून खाली झिरपत आलेले आहेत. वाणी म्हणजे सरस्वती, अशी पुढची पायरी यादी करणाऱ्यांनी चढलेली आहे. मद्याचा अर्थही याच ओळीत आहे. मूळ अर्थ 'तृप्त करणारे, ताजेतवाने करणारे पेय' असा असल्यावर त्याचा एक फाटा मद्याकडे जाणे भाषेच्या दृष्टीने स्वाभाविक आहे. 'मधु' या शब्दाचेही तसेच झाले. तो मधाचा वाचक आहे, वसंताचा आहे आणि मद्याचाही आहे. तरीही मधू, मधुरा, मधुमती ही नावे ठेवताना कोणाच्या मनाला काही शिवत नाही.

अमरकोशातच आणखी एक ठिकाण आहे, आणि ते आपल्या नातलगांना अवश्य दाखवावे. मद्याची नावे सांगताना अमरसिंहाने 'गन्धोत्तमाप्रसन्नेराकादम्बर्यः परिस्रुता' असा चरण रचला आहे. त्याची फोड केली की गंधोत्तमा, प्रसन्ना, इरा आणि कादंबरी अशी नावे सुटी होतात. इरेच्या एका बाजूला प्रसन्ना आहे आणि दुसऱ्या बाजूला कादंबरी! बाणभट्टाने आपल्या नायिकेला कादंबरी हे नाव दिले आणि त्या कथेच्या नावावरून मराठीने एका संपूर्ण वाङ्मयप्रकाराला कादंबरी म्हणायला सुरुवात केली. वाचनालयातून कादंबरी घरी आणताना मद्याची आठवण कोणालाही होत नाही, आणि कादंबरी नावाच्या मुलीही आपल्या आसपास असतात. शब्दाचा एक अर्थ लोकव्यवहारातून मागे पडला की तो कोशात उरतो, माणसांच्या मनात उरत नाही. इरा या शब्दाचा मद्य हा अर्थ मराठीत तर कधी रुळलाच नाही.

तेव्हा नाव निःशंकपणे ठेवावे. अर्थ सांगायचा झाल्यास 'पावसाने पृथ्वीवर जन्मणारे पोषण' असा सांगावा आणि मंत्राचा आधार पर्जन्यसूक्ताचा द्यावा.

प्रश्न : (त्याच पत्रातून) पत्रिकेप्रमाणे बाळाचे जन्माक्षर 'ई' आले आहे. मग नाव 'ईरा' असे दीर्घ लिहावे का? आणि पाळण्यातले नाव 'इरावती' ठेवून हाक मारायला 'इरा' ठेवले तर चालेल का? आमच्याकडे नदीचे नाव मुलीला ठेवू नये असे एकजण म्हणाले.

उत्तर : जन्माक्षरे ज्या अवकहडा चक्रावरून काढतात, त्याची रचनाच अ, इ, उ, ए, ओ या पाच स्वरांवर झालेली आहे. 'अवकहडा' हे नाव म्हणजे त्या चक्रातल्या पहिल्या ओळीची अक्षरे आहेत. त्यात इ आणि ई असे दोन वेगळे घर नाही. कृत्तिका नक्षत्राच्या दुसऱ्या चरणाचे अक्षर पंचांगात 'ई' असे छापलेले असले, तरी ह्रस्व 'इ'ने सुरू होणारे नावही त्याच चरणात बसते. त्यामुळे पत्रिकेसाठी म्हणून शब्दाचे रूप बदलण्याची गरज नाही.

शब्दाचे प्रमाण रूप ह्रस्व 'इरा' हेच आहे. दीर्घ 'ईरा' लिहिले तर वाचणाऱ्याला 'ईर्' हा वेगळा धातू आठवू शकतो. हालवणे, गती देणे असा त्याचा अर्थ असून समीर आणि प्रेरणा हे शब्द त्याच्यापासून झाले आहेत. तो धातूही काही वाईट नाही. पण वर सांगितलेली सारी परंपरा ह्रस्व रूपाची आहे आणि ती एका मात्रेसाठी सोडून देऊ नये असे माझे मत आहे. अंगणातून हाक मारताना आपण 'ईराऽ' असा सूर लांबवणारच. हाक मारताना तो लांबला म्हणून लिहिताना लांबवण्याचे कारण नाही. मात्र जन्मदाखल्यावर जे लिहाल तेच पुढे शाळेच्या दाखल्यापासून पारपत्रापर्यंत सगळीकडे चालत राहील, म्हणून अर्ज भरताना देवनागरी आणि रोमन ही दोन्ही रूपे घरात बसून ठरवावीत. जन्माची नोंद एकवीस दिवसांत करायची असली, तरी नाव त्याच दिवशी लिहिलेच पाहिजे असे नाही. नोंदीनंतर बारा महिन्यांपर्यंत ते विनाशुल्क घालता येते आणि त्यानंतरही पंधरा वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून घालता येते. तेव्हा घाईत चुकीचे रूप लिहिण्यापेक्षा थोडे थांबलेले बरे.

आता 'इरावती'. नदीच्या नावाची शंका मनुस्मृतीतून आलेली आहे. तिथे तिसऱ्या अध्यायात, विवाहासाठी कोणत्या मुली टाळाव्यात हे सांगताना 'नर्क्षवृक्षनदीनाम्नीं' असे म्हटले आहे. नक्षत्र, वृक्ष आणि नदी यांची नावे असलेली मुलगी नको, असा त्याचा अर्थ. महाराष्ट्राने हे वचन कधी मनावर घेतल्याचे दिसत नाही. रोहिणी, रेवती, स्वाती ही नक्षत्रे, तुळस आणि चंपा, गंगा, यमुना, गोदावरी, कृष्णा, नर्मदा, सिंधू आणि इंद्रायणी यांच्यावाचून आपल्या पणज्यांच्या पिढीची एक तरी वंशावळ पूर्ण होईल का? ज्या स्मृतीत हा निषेध आहे तिच्याच दुसऱ्या अध्यायात मुलीचे नाव कसे असावे हेही सांगितले आहे, आणि ते लक्षात ठेवण्यासारखे आहे : 'स्त्रीणां सुखोद्यमक्रूरं विस्पष्टार्थं मनोहरम्'. उच्चारायला सोपे, कठोर नसलेले, अर्थ स्पष्ट असलेले, मनाला भावणारे. शेवटी दीर्घ स्वर असलेले आणि आशीर्वादासारखे. इरा आणि इरावती ही दोन्ही नावे या कसोटीला पूर्ण उतरतात. पारस्कर गृह्यसूत्रात मुलीच्या नावाची अक्षरे विषम असावीत असाही एक नियम आहे आणि त्यात ही दोन्ही बसत नाहीत, पण त्या नियमात सीता, राधा आणि गंगाही बसत नाहीत.

'इरावती'चा अर्थ 'इरा जिच्याजवळ आहे ती', म्हणजे जलाने आणि अन्नाने समृद्ध. ऋग्वेदाच्या सातव्या मंडलातल्या विष्णुसूक्तात 'इरावती धेनुमती हि भूतं' असे द्यावापृथ्वींना म्हटले आहे. आकाश आणि पृथ्वी या दोघींनी माणसासाठी अन्नाने व गाईंनी संपन्न व्हावे, अशी ती प्रार्थना आहे. म्हणजे हे मूळचे विशेषण आहे आणि नदीचे नाव ते पुढे झाले.

ती नदी आजची रावी. ऋग्वेदात तिला परुष्णी म्हणतात आणि सुदास राजाचे दाशराज्ञ युद्ध, म्हणजे दहा राजांशी झालेली लढाई, तिच्याच काठी झाले. यास्काचार्य निरुक्तात, म्हणजे निघंटूवरच्या आपल्या भाष्यात, 'इरावतीं परुष्णीत्याहुः' असे सांगतात, त्यावरून त्यांच्या काळी इरावती हे नाव चांगले रुळले होते हे कळते. अलेक्झांडरच्या स्वारीच्या ग्रीक वृत्तान्तांत ती 'हायड्राओटीस' होते. प्राकृतातून येताना सुरुवातीचा ह्रस्व स्वर गळाला आणि 'इरावती'ची 'रावी' झाली. संस्कृत 'अरण्य'चे मराठी 'रान' आणि 'अरघट्ट'चा 'रहाट' झाला तो याच वाटेने. हिमाचलातून चंबा, तिथून पंजाब आणि पुढे लाहोरजवळून जाऊन चिनाबला मिळणारी ही नदी. १९२९च्या लाहोर काँग्रेसमध्ये पूर्ण स्वराज्याचा ठराव झाला आणि ३१ डिसेंबरच्या मध्यरात्री तिच्याच काठी तिरंगा फडकला, हे आपल्या वाचकांना ठाऊक असेलच.

दुसरी इरावती ब्रह्मदेशात आहे आणि मराठी माणसाचा ऋणानुबंध तिच्याशी अधिक आहे. मंडालेचे शहर तिच्या काठावर आहे. लोकमान्य टिळक १९०८ ते १९१४ या काळात मंडालेच्या तुरुंगात होते आणि 'गीतारहस्य' तिथेच लिहिले गेले. त्याआधी १८८५ साली ब्रिटिशांनी थिबा राजाला याच नदीतून आगबोटीने नेले आणि त्याचे उरलेले आयुष्य आपल्या रत्नागिरीत गेले. नदीच्या ब्रह्मी नावाचे रोमन रूप तिथल्या सरकारने १९८९ साली बदलून मूळ उच्चाराच्या जवळ नेले, पण नाव तेच भारतीय वळणाचे आहे. ओडिशाच्या चिल्का सरोवरातल्या ज्या डॉल्फिनना वर्तमानपत्रे 'इरावडी डॉल्फिन' म्हणतात, तेही तिच्याच नावाचे इंग्रजीतून फिरून आलेले रूप आहे.

मंडालेच्या खालच्या बाजूला, त्याच नदीच्या काठी म्यिंज्यान नावाचे गाव आहे. वडील नोकरीनिमित्त ब्रह्मदेशात असताना १९०५ साली तिथे करमरकरांच्या घरी एका मुलीचा जन्म झाला आणि आईवडिलांनी नदीवरून तिचे नाव इरावती ठेवले. सात वर्षांची असताना तिला शिक्षणासाठी पुण्याला हुजूरपागेत धाडण्यात आले आणि रँग्लर परांजपे यांच्या घरी ती वाढली. याच पुढे मानववंशशास्त्रज्ञ म्हणून जगाला ठाऊक झालेल्या इरावती कर्वे. १९६८ साली त्यांच्या 'युगान्त'ला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. मराठी घरांत हे नाव प्रतिष्ठा पावले ते त्यांच्यामुळे, असे मला वाटते. त्यांना जवळची माणसे 'इरू' म्हणत. तेव्हा पाळण्यात इरावती आणि हाकेला इरा किंवा इरू, ही आपली कल्पना मला मनापासून आवडली. दोन नावांपैकी एकच कागदावर ठेवायचे झाल्यास तो निर्णय मुलीच्या आईवडिलांचा असावा, एवढेच सुचवतो.

जाता जाता कालिदासाचा उल्लेख केल्यावाचून राहवत नाही. 'मालविकाग्निमित्रा'तल्या अग्निमित्र राजाच्या थोरल्या राणीचे नाव धारिणी आणि धाकटीचे इरावती. धारिणी म्हणजे पृथ्वी. इरा म्हणजेही पृथ्वी. तिसऱ्या अंकात ही धाकटी राणी प्रमदवनात झोपाळ्यावर बसण्यासाठी येते ती मद्य घेऊनच, आणि 'मद हा स्त्रियांचा विशेष अलंकार असे जे म्हणतात ते खरे का?' असे आपल्या निपुणिका या दासीला विचारते. पुढे राजाला मालविकेजवळ पाहून ती कमरेची रशना त्याच्यावर उगारते. अमरकोशातले भू आणि सुरा हे दोन्ही अर्थ एकाच नाटकातल्या दोन राण्यांच्या अवतीभवती असे वावरताना पाहून संस्कृत जाणणाऱ्या वाचकाला मोठा आनंद होतो. या राणीचे मानी आणि रोखठोक बोलणे वाचल्यावर तिच्यावर कोणी रागावत नाही.

प्रश्न : 'इरा' आणि 'इला' किंवा 'इळा' ही एकच नावे आहेत का? माझ्या आईचे नाव इला आहे आणि मुलीचे इरा ठेवले आहे.
— एक वाचक, नाशिक

उत्तर : दोन्ही शब्द प्राचीन काळापासून एकमेकांच्या इतके जवळ राहिले आहेत की त्यांना सख्ख्या बहिणी म्हणण्यास हरकत नाही. निघंटूत त्या अन्ननामांत शेजारी आहेत हे वर आलेच आहे. विष्णुपुराणात वृक्षलतांची माता इरा आहे, तर भागवताच्या सहाव्या स्कंधात 'इलाया भूरुहाः सर्वे' असे म्हणून तेच मातृत्व इलेला दिले आहे. र आणि ल यांची अदलाबदल संस्कृतात इतकी नित्याची आहे की 'रलयोरभेदः' असे त्याचे वचनच झाले.

तरीही इळेचे स्वतंत्र आयुष्य आहे. ऋग्वेदात 'इळा सरस्वती मही तिस्रो देवीर्मयोभुवः' अशी तीन सुखदायी देवींची जोडणी येते आणि त्यात पहिला मान इळेचा आहे. शतपथ ब्राह्मणातल्या जलप्रलयाच्या कथेत सर्व प्रजा बुडून गेल्यावर एकटा मनू उरतो. संततीच्या इच्छेने तो पाण्यात तूप, दही, निवळी यांची आहुती देतो आणि वर्षभराने त्यातून एक स्त्री वर येते, तीच इडा. तिच्याच योगे मानवाची पुढची प्रजा झाली. पुरूरव्याला 'ऐळ' म्हणतात ते या मातेवरून. वाणीची देवता म्हणून सरस्वतीशी जो संबंध आज इरा या नावाला जोडतात, तो इळेच्या या देवतात्रयीत अधिक स्पष्ट दिसतो.

ऋग्वेदात दोन स्वरांमधल्या 'ड'चा 'ळ' होतो, 'अग्निमीळे पुरोहितम्' या पहिल्याच ऋचेत तो आपण ऐकतो, म्हणून 'इडा' आणि 'इळा' ही एकाच नावाची रूपे आहेत. पुढच्या संस्कृतात ळ मावळला आणि 'इला' राहिली. मराठीने तो वर्ण जिवापाड जपला आहे, म्हणून 'इळा' हे रूप एखाद्या घराने धीटपणे पुन्हा वापरात आणावे असे मला फार वाटते. आपल्या घरी आजी आणि नात यांची नावे नकळत एका मुळाची जुळून आली आहेत, हे मुलीला मोठेपणी जरूर सांगा.

प्रश्न : आम्ही न्यू जर्सीत राहतो. इथे मुलीचे 'इरा' हे नाव सगळे 'आयरा' असे वाचतात आणि ते मुलाचे नाव समजतात. एका स्पॅनिशभाषक शेजारणीने या शब्दाचा अर्थ 'राग' होतो असे सांगितले. नाव बदलावे का?
— एक आई, न्यू जर्सी

उत्तर : बदलण्याची गरज मला दिसत नाही, पण लोकांच्या गैरसमजामागची कारणे माहीत असलेली बरी. आपल्या इरेशी नुसते अक्षरसाम्य असलेले तीन-चार शब्द जगात आहेत आणि नावांच्या याद्या करणाऱ्यांनी त्या सर्वांचे अर्थ एकाच नावाखाली ढकलल्यामुळे हा गोंधळ झाला आहे.

पहिले नाव हिब्रू आहे. बायबलच्या जुन्या करारात, शमुवेलाच्या दुसऱ्या पुस्तकात, दावीद राजाच्या पदरी असलेल्या माणसांत इरा नावाचे पुरुष आहेत. त्याचा अर्थ 'जागरूक' असा करतात आणि सांगलीच्या आजींना मोबाइलवर दिसलेला अर्थ तो हाच. हेच नाव इंग्रजीत 'आयरा' झाले. गीतकार आयरा गर्श्विन यांच्यामुळे अमेरिकेत ते सर्वांच्या ओळखीचे आहे. म्हणून तिथे ते पुरुषाचे वाटते. दुसरे रशियन आहे : इरीना या नावाचे लाडके रूप इरा. त्याचे मूळ ग्रीकांच्या एइरेने या शांतिदेवतेत आहे, आणि 'शांती' हा अर्थ तिथून आला. तिसरा शब्द लॅटिन. 'इरा' म्हणजे क्रोध, आणि तो स्पॅनिश, इटालियन व पोर्तुगीज भाषांत तसाच उतरला आहे. गोव्यातल्या जुन्या पिढीतल्या पोर्तुगीज जाणणाऱ्यांना, किंवा मृतांसाठीच्या प्रार्थनेतले 'दिएस इरे' हे लॅटिन स्तोत्र ऐकलेल्या वसईच्या ख्रिस्ती वाचकांना तो ओळखीचा असेल. अमेरिकेतल्या निवृत्तीच्या बचतखात्याच्या आद्याक्षरांमुळे, आणि ब्रिटन-आयर्लंडमध्ये तिथल्या सशस्त्र संघटनेच्या आद्याक्षरांमुळे, तेच तीन रोमन वर्ण आणखी दोन ठिकाणी डोळ्यांपुढे येतात. यांपैकी एकाचाही संस्कृत शब्दाशी संबंध नाही.

व्यवहारात दोन गोष्टी उपयोगी पडतील. शाळेत नाव घालताना शिक्षिकेला पहिल्याच दिवशी उच्चार सांगावा आणि मुलीलाही तो ठामपणे सांगायला शिकवावे. मुले हे मोठ्यांपेक्षा लवकर शिकतात. रोमन रूप अजून कागदोपत्री पक्के झाले नसेल तर आरंभी दोन 'ई' घालून ते लिहिण्याचा पर्याय आहे. त्याने 'आयरा' हा उच्चार टळतो, पण उच्चार दीर्घ होतो. पारपत्र निघाले असेल तर मात्र आता बदलू नये. आणि शेजारणीने पुन्हा विचारले, तर आमच्या भाषेत या शब्दाचा अर्थ पावसाने सर्वांसाठी पिकवलेले अन्न असा आहे, हे तिला अवश्य सांगावे. सोबत मुलीकडून पर्जन्यसूक्तातली ती अर्धी ऋचा पाठ करून घ्यावी : 'इरा विश्वस्मै भुवनाय जायते'. 'विश्वस्मै' म्हणजे सगळ्यांसाठी, त्यात शेजारीणही आली.

प्रश्न : महाभारतातील 'इरावान' आणि इंद्राचा 'ऐरावत' यांचा या नावाशी संबंध आहे का?
— एक विद्यार्थी, लातूर

उत्तर : आहे. 'इरावत्' म्हणजे इरा असलेला. अर्जुन आणि नागकन्या उलूपी यांच्या पुत्राचे नाव इरावान हे त्याचेच पुंल्लिंगी रूप असून तो भीष्मपर्वात अलंबुष राक्षसाच्या हातून मारला जातो. तमिळनाडूत त्यालाच अरवान म्हणून पूजतात आणि कूवागम येथे त्याच्या नावाने चैत्रात तृतीयपंथीयांचा मोठा उत्सव भरतो. 'इरावत्' या शब्दाचा 'पाणी असलेला' या अर्थाने समुद्र असाही अर्थ घेतात. समुद्रमंथनातून जो वर आला तो ऐरावत.